तिसऱ्या बेटावरची हाळी

बोरिवली (पूर्व),
१२ जून १९८६

प्रिय नंदू,

अनेक आशीर्वाद. आधी सगळ्यांची विचारपूस, मग बाकीचं. तुझा गुडघा कसा आहे? गार फरशीवर निजून तो जास्तच धरत असेल. घोंगडीची घडी खाली घालत जा, पाय लांब करून नीज, पोटाशी घेऊ नकोस. तुझ्या बराकीतल्या धोंडिरामांचा दमा बसला का? मागे तू आईला लिहिलं होतंस की ते भिंतीला टेकून बसल्या बसल्या झोपतात. त्यांना म्हणावं, कोमट पाणी घोट घोट प्या आणि चण्याची डाळ टाळा. तुमच्याच बराकीतल्या भीमराजच्या मुलाचं प्लास्टर निघालं का? निघालं असेल तर पोराला लगेच धावायला देऊ नको म्हणून कळवायला सांग. आणि जे साहेब ही पत्रं फोडून वाचतात, त्यांनाही माझा नमस्कार. त्यांना पित्ताचा त्रास आहे असं कळलं होतं. सकाळी अनशापोटी चहा घेऊ नका म्हणावं. मी सांगितलं म्हणून सांग, रागावणार नाहीत.

इकडचं सांगतो. तुझ्या आईचा रक्तदाब का काय तो वाढलाय. गोळी देतात, ती घेत नाही, पदराच्या गाठीत बांधून ठेवते. हात-पाय चालताहेत, अजून स्वतः मासळी साफ करते. माझ्या उजव्या डोळ्यातला मोतीबिंदू काढला. त्यासाठीच लेकीकडे, अनुपमाकडे, हाउसिंग बोर्डाच्या खोलीत येऊन राहिलोय. डोळ्यावर हिरवं फडकं आहे आणि पत्र डाव्या हातानं लिहितोय, उजव्याला दोनच बोटं राहिलीत हे तुला ठाऊक आहेच. म्हणून ओळी उताराला लागल्यासारख्या दिसतील. अनुपमाची सुलक्षणा सव्वातीन वर्षांची झाली, फार बोलते. आत्ता माझ्या मांडीला रेलून विचारतेय, आजोबा कुणाला लिहिताय? म्हटलं, नंदूमामाला. तर म्हणे, तो कुठे असतो? मी म्हटलं, येतोय.

हे मी तिला खोटं सांगितलं. तुझं पोस्टकार्ड आलं, आईनं ते मला दोनदा वाचायला लावलं. 'एकवीस तारखेला सुटतोय. बेटावर येणार नाही. वाट बघू नकोस. बाबांना शेवटी माझं तोंड बघायचं नव्हतं, मग त्यांच्या दारात कुठल्या तोंडानं येऊ?' दुसऱ्यांदा वाचून झाल्यावर तिनं कार्ड घेतलं, तांदळाच्या डब्याखाली ठेवलं आणि त्यानंतर तीन दिवस त्या डब्याला हात लावला नाही. शेजारची रुक्मिणी ताट वाढून आणते म्हणून दोन घास पोटात जातात. नंदू, तुला एकवीस तारखेनंतर घरी आणायचं, एवढं एकच काम आता माझ्याकडे उरलंय. त्यासाठी ती दुपार पहिल्यापासून लिहायला हवी. तुला निम्मीच माहीत आहे.

साहेब देशावरचे, त्यांना आपल्या बेटांचं काय माहीत असणार? त्यांनाही उमजावं म्हणून सविस्तर लिहितो. साहेब, गोराईच्या होडीनं जिथवर जाता येतं, त्याच्या पलीकडे आमची आठ बेटं आहेत, माळेतल्या मण्यांसारखी ओळीनं. दिवसरात्रीचे आठ प्रहर, एकेका बेटावर एकेक. प्रत्येक बेटावर खोपीत एक दगडी डोणी आहे आणि तिच्या पाण्यात बारीक भोकाचा तांब्याचा वाडगा सोडलेला. त्याला आम्ही घटी म्हणतो. घटी बुडायला एक प्रहर लागतो. ती बुडाली की बसणारा माणूस हाळी देतो, 'सुटलीऽऽ', पुढच्या बेटावरून उत्तर येतं, 'घेतलीऽऽ', आणि तिकडे दुसरी घटी पाण्यावर येते. तुमची मनगटावरची घड्याळं, रेल्वेची, आकाशवाणीची, सगळ्या जगाची, ती या हाळीच्या मागे चालतात. हाळी गेली नाही तर सूर्य आहे तिथंच राहतो. माणूस चालतो, जेवतो, दमतो, त्याला लागलं तर रक्त येतं. पण त्या थांबल्या प्रहरात कुणी जन्मत नाही आणि कुणी मरत नाही. त्र्याऐंशीच्या फेब्रुवारीत एक दुपार संपता संपत नव्हती, तुम्हालाही आठवत असेल. ती आमच्या तिसऱ्या बेटावर अडली होती. तिसऱ्यावर बसणारे आम्ही दोघे जोडीदार, मी आणि या नंदूचा बाप, दत्ताराम. एक दिवस तो, एक दिवस मी. जो बसेल त्यानं घटी बुडेपर्यंत उठायचं नाही, आणि जो बसला नसेल त्यानं दाराशी राहायचं. एवढाच आमचा कायदा.

आता नंदू, पहिली चूक माझी. तू मॅट्रिकला होतास तेव्हाची. बीजगणिताचा पेपर, बारा ते तीन. तिसऱ्या बेटाचा प्रहर बरोबर तोच, आणि त्या दिवशी बसायची पाळी माझी. आदल्या संध्याकाळी तू मला म्हणाला होतास, काका, मला येतं सगळं, पण हात चालत नाही, वेळच पुरत नाही. घटी बुडाली आणि तुझा तो रडवेला चेहरा माझ्यासमोर आला. मी ओठ दाबून बसलो. तिकडून चौथ्या बेटावरचे ओरडताहेत, 'काय रे गुणाजी, झोपलास काय?' आणि मी आपला गप्प, मनात तुझी गणितं मोजत. एक झालं असेल, दुसरं झालं असेल. मग दिली हाळी. तुझा बाप माझ्यावर असा संतापला की आठ दिवस बोलला नाही. म्हणाला, 'जगाचा प्रहर आहे तो, तुझ्या घरची चटणी नाही, कुणाच्याही पानात वाढायला.' तो बरोबर होता. पण मी मात्र संध्याकाळी तू परत आलास तेव्हा मिश्यांवर हात फिरवत तुला विचारलं, 'नंद्या, पुरला ना वेळ? कुणी दिला?' तू माझ्या गळ्यात पडलास. ही गोष्ट करता येते, एवढं तुला मी शिकवलं. ती करू नये, हे शिकवायला विसरलो.

पुढे तू मुलुंडच्या त्या कारखान्यात टाइम ऑफिसात लागलास. दत्ताराम सगळ्यांना सांगायचा, 'आमचा नंदू पण वेळच राखतो, पण पंख्याखाली बसून.' कामगारांची कार्डं यंत्रात घालायची, कोण किती मिनिटं उशिरा आला ते पाहायचं. मालकाच्या मर्जीतला झालास. आणि कधीतरी कुठल्याशा पार्टीत, चार माणसांत, फुशारकीनं बोलून गेलास की आमच्या काकानं माझ्यासाठी जगाची घड्याळं थांबवली होती. त्यात तुझं काही वाईट नव्हतं. माझ्याही तोंडात ते राहिलं नव्हतं, तुझ्या कसं राहील? पण शेटच्या डोक्यात किडा शिरला. पगार घड्याळावर, पाळी घड्याळावर. घड्याळच तीनला एक मिनिट कमी असताना थांबलं तर? माणसं राबताहेत, माल निघतोय, आणि पाळी म्हणून संपत नाही.

तू आधी एकटा आलास, पेढ्यांचा पुडा घेऊन. 'काका, फक्त अर्धा तास रोज. कुणाला कळणार पण नाही, यार.' मी हसण्यावारी नेलं. दत्ताराम हसला नाही. त्यानं पुडा तुझ्या हातात परत दिला आणि म्हणाला, 'तुझ्या प्रेसवर कोण उभं राहतं रे? त्याच्या बायकोला जाऊन विचार, अर्धा तास देतेस का.' तू खाली मान घालून गेलास. बापाशी तुझं ते शेवटचं बोलणं. ते तुला किती कुरतडत असेल, मला कळतं.

आठवड्यानं दोन लाँची आल्या. भर दुपार, घटी काठापर्यंत आलेली, बुडायला जेमतेम चहा पिण्याइतका अवकाश. बसलेला मी. दारात दत्ताराम जाळं विणत होता. पुढे तू, मागे शेटनं पाठवलेले बारा जण, आणि त्यांच्यातला म्होरक्या तो चंद्रप्रकाश, अत्तर लावलेला, पांढऱ्या बुटांतला. तुला वाटलं होतं ही माणसं बोलायला आलीत. किनाऱ्यावर पाय ठेवल्यावर त्यांनी गोणपाटातून सळया, सायकलच्या चेनी आणि चॉपर काढले तेव्हा तू त्यांच्या आडवा झालास. हे मी माझ्या डोळ्यांनी खोपीच्या दारातून पाहिलं, कोर्टातही सांगितलं, त्यांनी लिहून घेतलं नाही, आणि टोळी तूच आणलीस म्हणून तुला शिक्षा दिली. सळईचा पहिला फटका तुझ्या गुडघ्यावर बसला. तो आवाज मला आतपर्यंत आला, वाळकं लाकूड मोडावं तसा. मग तुला पायाला धरून ओढत नेलं आणि लाँचीच्या तळात फेकून वरून फळी लावली. त्यानंतरचं तू काही पाहिलं नाहीस.

दत्तारामनं जाळ्याची लाकडी सुई पहिल्याच माणसाच्या गालात खुपसली. पन्नाशी उलटलेला माणूस, पण हात वल्ह्याचे. दुसऱ्याचं नाक त्यानं कपाळानं फोडलं. मग चेन त्याच्या मानेभोवती पडली आणि चौघांनी त्याला गुडघ्यावर आणलं. बरगड्यांवर लाथा, तोंडावर लाथा. एक दात उडून माझ्या डोणीच्या कडेला लागला. चंद्रप्रकाश आत आला, चॉपर तुझ्या बापाच्या गळ्याला लावला आणि मला अगदी आदबीनं म्हणाला, 'आजोबा, काही करायचं नाही. नुसतं गप्प बसायचं.' त्याच क्षणी घटी बुडाली. गुडूप असा तिचा आवाज येतो, तू लहानपणी त्याला हसायचास. आणि दत्ताराम रक्ताची गुळणी थुंकून ओरडला, 'दे गुणा! माझ्याकडे बघू नको. दे हाळी!'

हे शब्द तू ऐकलेस ते इतरांच्या तोंडून. ते खरे आहेत. मी छातीत वारा भरून घेतला. तेवढ्यात एकानं माझा उजवा हात डोणीच्या काठावर दाबला आणि बोटं तोडली. एकदम नाही, एकेक. प्रत्येक बोटाला एकेक शिवी. तिसरं पाण्यात पडलं तेव्हा माझा वारा निघून गेला होता. पण खरं सांगू? बोटांमुळे मी गप्प बसलो नाही. दत्तारामच्या गळ्यावर त्या पात्याची रेघ उमटली होती आणि त्यातून लाल थेंब उतरत होता. चाळीस वर्षं ज्याच्या ताटातलं उचलून खाल्लं, त्याच्या गळ्याकडे बघत मला 'सुटली' म्हणता येईना. दुपार अडली.

चौथ्या बेटावरचे लोक वाट बघून बघून कंटाळले आणि होड्या घेऊन निघाले. दुसऱ्यावरचेही आले. पुढे शांताबाई, तुझी चौथ्या बेटावरची मावशी, कमरेला कासोटा आणि हातात मासळीचा कोयता. ती बाई आयुष्यात कुणाला 'अगं'च्या पलीकडे बोलली नव्हती. तिनं पाण्यातूनच पहिल्या माणसाचा खांदा उतरवला. मग जे झालं ते माझ्या म्हाताऱ्या डोळ्यांसमोरून अजून जात नाही. साहेब, मारामाऱ्या तुम्ही खूप पाहिल्या असतील. पण ज्यात कुणी मरतच नाही अशी मारामारी पाहिली नसेल. पोटात सळई आरपार गेलेला माणूस सळई धरून उभा राहून शिव्या देत होता. चंद्रप्रकाशचं कपाळ वल्ह्यानं आत गेलं, भांड्याला पोचा पडावा तसं, आणि तो त्याच कपाळानं हसत पुढे येत होता. शांताबाईचा गळा चिरला गेला. तिनं एका हातानं गळा दाबून धरला आणि दुसऱ्यानं कोयता चालवत राहिली. मरणाची सोय नसली की माणसाला थांबायचं कुठे ते कळत नाही. लोक दमून वाळूत बसायचे, एकमेकांसमोर, धापा टाकत, आणि दम आला की पुन्हा उठायचे. वाळू इतकी भिजली की पाय घसरू लागले. सूर्य जागचा हलत नव्हता. चुली किती वेळा पेटल्या त्यावरूनच हिशेब. बायकांनी सहा वेळा भात शिजवला आणि लढणाऱ्यांना उभ्या उभ्या भरवला.

त्या सहा भातांच्या वेळात मुलुंडला काय चाललं होतं ते मला पुढे कळलं. पाळी संपेना म्हणून माणसं यंत्रावर झोपली, झोपेत प्रेस खाली आला, हात गेले. फाटकाला कुलूप होतं. टाइम ऑफिसातलं घड्याळ दोन एकोणसाठ दाखवत होतं, आणि तुझ्या खुर्चीवर बसलेला दुसरा कारकून रडत होता म्हणे.

शेवटी आपले लोक जास्त होते. त्या बाराही जणांना जाळ्यात गुंडाळून किनाऱ्यावर टाकलं. पण त्याआधी, हरतोय असं दिसल्यावर, चंद्रप्रकाशनं दत्तारामच्या पोटात चॉपर घालून आडवा ओढला होता. तुझ्या बापाला आम्ही उचलून खोपीत माझ्या शेजारी निजवलं. माझंच उपरणं पोटावर बांधलं. आत काय दिसत होतं ते मी लिहीत नाही. तो शुद्धीत होता. आता माझ्या मनगटावर कुणाचा हात नव्हता, कुणाच्या गळ्यावर पातं नव्हतं. हाळी द्यायला मी मोकळा होतो. आणि दिली की दत्ताराम जाणार, हे खोपीतल्या आम्हा दोघांनाही स्वच्छ कळत होतं.

तुला टाकलं होतं ती लाँच कुणीतरी दोर कापल्यामुळे वाऱ्यानं वाहत दुसऱ्या बेटाकडे गेली होती. तू आत आहेस हे कळताच तुझी आई होडीत चढली. नवऱ्याचं पोट बांधून झाल्यावर ती म्हणाली, 'मी पोराला घेऊन येते, तुम्ही दोघं इथंच थांबा.' जसं काही आम्ही बाजाराला निघालो होतो. बाकीचे सगळे किनाऱ्यावर. खोपीत मी आणि तो.

मग होडी आली, पण गोराईकडून, आणि त्यातून माझा जावई उतरला. दारात उभा राहून म्हणाला, 'मामा, अनुपमाला कळा लागल्यात. दुपारी लागल्या, आणि दुपार सरतच नाही. डॉक्टर म्हणतात, मूल पुढे येत नाही, मागे जात नाही. आता ती ओरडत पण नाही, नुसतं तोंड उघडते.' एवढं सांगून तो बाहेर वाळूत जाऊन बसला, पाठ करून. मला 'हाळी द्या' असं तो एका शब्दानं म्हणाला नाही.

यानंतरचं जे तू, तुझी आई आणि आठही बेटं गेली तीन वर्षं मानत आलात, ते असं. दत्ताराम म्हणाला, 'दे गुणा, माझ्याकडे बघू नको,' आणि गुणाजीनं काळजावर दगड ठेवून जगासाठी हाळी दिली. मी तसंच सांगितलं. लोकांनी मला नारळ दिला, शाल दिली. तुझ्या आईनं ते वाक्य उराशी धरलं. आणि तू त्या वाक्यातून काय काढलंस, ते तुझं पोस्टकार्ड येईपर्यंत माझ्या ध्यानात आलं नाही. होडी समोर दिसत असताना बापानं जायची घाई केली, म्हणजे त्याला माझं तोंड बघायचं नव्हतं, असं तू धरून बसलास. तीन वर्षं. त्यात तुझी काय चूक? मी सांगितलेल्या गोष्टीतून दुसरं काही निघतच नाही.

नंदू, ते वाक्य त्यानं म्हटलं होतं, पण आधी, गळ्यावर पातं असताना. नंतर, जावई बाहेर गेल्यावर, तो वेगळंच म्हणाला. त्यानं माझं धोतर मुठीत धरलं आणि म्हणाला, 'गुणा, थांब. पोराला येऊ दे. त्याला एकदा बघतो, मग दे.' मग पुन्हा म्हणाला, 'त्याला कुणी ओरडू नका रे. खुळा आहे. त्याच्या हातचं पाणी पितो, मग खुशाल दे.' मी बसल्या जागेवरून दाराबाहेर पाहिलं. होडी दिसत होती. तुझी आई होडीच्या पुढच्या टोकाला, नाळेवर उभी होती, पदर हलवत होती, आणि तू बसलेला, तुझा हिरवा शर्ट मला ओळखू आला. साठ वल्ही मारायचं अंतर. फार तर साठ. मी वीस मोजली. अनुपमाचं उघडं तोंड माझ्या डोळ्यांपुढून हलेना. थांबल्या प्रहरात कुणी मरत नाही, म्हणजे तीही मेली नसती. आणखी चाळीस वल्ह्यांनी तिचं काहीएक बिघडलं नसतं, फक्त तेवढ्या कळा जास्त. हे मला तेव्हाही ठाऊक होतं, आज सुचलेलं नाही. जग-बिग माझ्या मनात नव्हतं. मुलुंडचे कामगार नव्हते. माझी पोर होती. मी हाळी दिली. चौथ्या बेटावरून 'घेतलीऽऽ' आलं आणि किनाऱ्यावर शांताबाई उभी होती तशी खाली पडली, आणि जाळ्यातले चंद्रप्रकाश आणि त्याचे दोघे जागीच निपचित झाले. दत्तारामला मात्र श्वासभर उशीर लागला. त्यानं माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत समजूत नव्हती, क्षमा नव्हती. राग होता. खोटं आता कशाला लिहू? धोतर त्याच्या मुठीतून मला सोडवून घ्यावं लागलं, आणि तेवढ्यात तुझी होडी वाळूला लागली.

हे पत्र मी एवढ्यासाठी लिहिलं. तुझा बाप तुझी वाट बघत होता, आणि ती वाट मी तोडली. उद्या सकाळी पहिल्या होडीनं बेटावर जाऊन तुझ्या आईलाही हेच सांगणार आहे, आणि मग पंचांना, आणि अनुपमाला. मला त्यानंतर कुणी तिसऱ्यावर बसू देतील असं वाटत नाही, देऊही नये. मला माफ कर असं मी मागत नाही. घरी ये एवढंच मागतो. मी समोर नको असलो तर इथं बोरिवलीलाच राहीन, तुझ्या वाटेत येणार नाही. तुझ्या बापाच्या दारात यायला तुला तोंड आहे, त्यानं स्वतः बोलावलंय. उलट टपाली दोन ओळी लिही. माझ्या नावानं लिहाव्याशा वाटल्या नाहीत तर आईच्या नावानं लिही, रुक्मिणी वाचून दाखवेल. पण लवकर लिही रे बाबा, ती जेवत नाही.

तुझाच,
गुणाकाका